पेटीची किल्ली कोणाकडे आहे? मराठी मंडळ्यांच्या पाळकांना आणि विश्वस्तांना खुले पत्र

प्रति,
महाराष्ट्रातील मराठी मंडळ्यांचे पाळक, पास्टरेट कमिट्यांचे सभासद, विश्वस्त आणि धर्मप्रांतांचे बिशप यांस,

ख्रिस्तात सप्रेम सलाम.

गेल्या उन्हाळ्यात मी नगर जिल्ह्यातल्या (आता अहिल्यानगर म्हणायचे, पण जुन्या कागदांत अहमदनगरच आहे) एका खेड्यातील मंडळीत, म्हणजे तिथल्या चर्चमध्ये, माझ्या पणजीच्या बाप्तिस्म्याची नोंद शोधायला गेले होते. पणजी १९०० च्या दुष्काळात पोरकी होऊन मिशनच्या अनाथालयात आली, तिथेच वाढली आणि तिथेच तिचे लग्न झाले, एवढेच आमच्या घरात माहीत आहे. तिचे मूळ नाव काय होते, ती कोणत्या गावची, तिच्या आईबापांचे काय झाले, हे सांगणारे आता कोणी उरलेले नाही. ते फक्त बाप्तिस्म्याच्या वहीत असण्याची शक्यता होती. पाळकसाहेबांनी मला आदराने बसवले, चहा दिला आणि सांगितले की जुन्या वह्या एका पत्र्याच्या पेटीत आहेत, पेटी वेस्ट्रीत, म्हणजे मंदिरालगतच्या खोलीत, आहे आणि किल्ली आधीच्या सेक्रेटरींकडे असावी. आधीचे सेक्रेटरी म्हणाले की किल्ली त्यांच्याही आधीच्या सेक्रेटरींनी दिलीच नव्हती. शेवटी कुलूप तोडले. पेटीत वाळवीने केलेल्या भुग्याचे थर, नाताळच्या नाटकाचे जरीचे कपडे आणि तळाशी १९११ पासूनची एक वही निघाली. त्याआधीच्या दोन वह्या होत्या, असे मंडळीच्या एका म्हाताऱ्या पंचांना पक्के आठवत होते. बऱ्याच वर्षांपूर्वी मंदिराची डागडुजी आणि रंगकाम झाले तेव्हा वेस्ट्री रिकामी केली होती, त्या वेळी त्या गेल्या असाव्यात.

त्या मंडळीचे नाव मी लिहीत नाही, कारण दोष तिच्या एकटीचा नाही. अशा पेट्या मी नंतर आणखी चार ठिकाणी पाहिल्या आणि दोन ठिकाणी पेटीही नव्हती. पण परतीच्या एसटीत मला बायबलमधल्या दुसऱ्या राजांच्या पुस्तकातला बाविसावा अध्याय आठवत राहिला. योशीया राजाच्या काळात मंदिराची मोडतोड दुरुस्त करायला सुतार, गवंडी लावले आणि त्याच दुरुस्तीच्या गडबडीत हिल्कीया याजकाला नियमशास्त्राचा ग्रंथ सापडला. आपल्याकडे दुरुस्तीत ग्रंथ हरवतात. हे वाक्य मी रागाने लिहीत नाही, पण ते खोडावेसेही वाटत नाही.

या पत्रातून माझे मागणे एकच आहे. आपापल्या मंडळीतील शंभर वर्षांपूर्वीच्या बाप्तिस्म्याच्या, विवाहाच्या आणि दफनाच्या नोंदवह्या, तसेच पंचांच्या सभांची जुनी इतिवृत्ते बाहेर काढावीत, त्यांची छायाचित्रे घ्यावीत आणि ती वाचायला खुली करावीत. असे का म्हणते, आणि आपल्यापैकी अनेकांच्या मनात जी भीती आहे तिचे काय करायचे, ते पुढे मांडते.

मंडळीने वही ठेवण्याची पद्धत आपल्याकडे आपोआप आलेली नाही. इंग्लंडमध्ये १५३८ साली प्रत्येक धर्मग्रामाला बाप्तिस्मे, लग्ने आणि दफने लिहून ठेवण्याचा हुकूम झाला. ट्रेंटच्या परिषदेने १५६३ मध्ये कॅथलिक धर्मगुरूंवर विवाहाची वही ठेवण्याची सक्ती केली, कारण गुपचूप लावलेली लग्ने नंतर नाकारली जात आणि त्यात बाईचे वाटोळे होई. १६१४ च्या रोमन विधिग्रंथाने बाप्तिस्मा, दृढीकरण, विवाह आणि मृत्यू अशा वेगवेगळ्या वह्यांचे नमुनेच घालून दिले. पोर्तुगीज अमलाखालच्या गोव्यात आणि वसईत ही शिस्त कॅथलिक चर्चबरोबर आली. प्रॉटेस्टंट मिशनऱ्यांनी आपापल्या देशांतली रीत आणली. नगरकडे काम करणारे अमेरिकन मिशन काँग्रिगेशनल पद्धतीचे होते. त्या पद्धतीत प्रत्येक मंडळी आपला कारभार आपण पाहते, नव्या माणसाला सभासद करून घेण्याआधी त्याची सर्वांसमोर विचारपूस करते आणि चुकणाऱ्याची चौकशीही तीच करते. म्हणून अशा मंडळ्यांची इतिवृत्ते नुसती हिशेबाची कागदपत्रे राहत नाहीत. मी पाहिलेल्या एका इतिवृत्तात, जत्रेतले बकरे खाल्ले म्हणून तीन महिने प्रभुभोजनापासून दूर ठेवलेल्या एका गृहस्थाचा जबाब आहे. ते म्हणाले होते की बकरे भावाने कापले, मी फक्त जेवलो, आणि भावाला नाही कसे म्हणू. करिंथकरांच्या पहिल्या पत्राचा आठवा अध्याय, मूर्तीला वाहिलेल्या अन्नाचा, इतक्या जिवंतपणे समजावणारे प्रवचन मी तरी ऐकलेले नाही.

बाप्तिस्म्याच्या वहीत एकेका माणसाला एकच ओळ मिळते. तारीख, नाव, आईबापांची नावे, गाव, कधी जात, कधी बापाचा धंदा, साक्षीदार आणि शेवटच्या रकान्यात बाप्तिस्मा देणाऱ्याची सही. या शेवटच्या रकान्याकडे आपण फार कमी पाहतो. नारायण वामन टिळकांचा बाप्तिस्मा १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत झाला, हे आपल्याला तोंडपाठ आहे. आगगाडीत भेटलेल्या गोऱ्या प्रवाशाने त्यांना नवा करार दिला, ही हकिगत आपण संडे स्कूलच्या मुलांना दरवर्षी सांगतो. पण बाप्तिस्मा भारतीय पाळकाच्याच हातून घ्यायचा, हा टिळकांचा आग्रह होता आणि तो त्यांना रेव्हरंड तुकाराम नथोजींनी दिला, हे किती जणांना ठाऊक आहे? नथोजींनी आणखी कोणाकोणाला बाप्तिस्मा दिला, कोणत्या वस्त्यांत ते गेले, हे समजायला चरित्रग्रंथ पुरणार नाही. त्यासाठी सह्यांचे रकानेच वाचावे लागतील.

आता थोडे दूर जाते. मराठी ख्रिस्ती लोकांचा इतिहास आज ज्याला लिहायचा असेल त्याने कुठे जावे? गॉर्डन हॉल आणि सॅम्युअल नॉट १८१३ मध्ये मुंबईला पोहोचले, तेव्हापासूनची अमेरिकन बोर्डाची (नगरचे मिशन चालवणाऱ्या संस्थेची) पत्रे आणि अहवाल हार्वर्ड विद्यापीठाच्या हॉटन ग्रंथालयात नीट जपलेले आहेत. स्कॉटिश मिशनांची कागदपत्रे एडिंबरोच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहेत, चर्च मिशनरी सोसायटीची बर्मिंगहॅम विद्यापीठात. मुंबई इलाख्यातल्या गोऱ्या साहेबांच्या बाप्तिस्म्यांच्या आणि लग्नांच्या नोंदींच्या प्रती त्या काळीच लंडनला रवाना होत, आणि त्या आज ब्रिटिश लायब्ररीत पाहता येतात. म्हणजे पुण्याच्या छावणीत जन्मलेल्या एखाद्या सार्जंटच्या मुलाचा बाप्तिस्मा कधी झाला, हे त्याच्या पणतवाला घरबसल्या शोधता येते. त्याच वर्षी नेवाशात किंवा राहुरीत बाप्तिस्मा घेतलेल्या मांगाच्या मुलीचा मागमूस मात्र एका पेटीत आहे, आणि त्या पेटीला किल्ली नाही.

याबद्दल मिशनऱ्यांना दोष देणे सोपे आहे आणि ते आपण हौसेने करतो. त्यांनी त्यांचे काम केले. कागद लिहिले, बोटीने पाठवले, पोचल्याची पावती मागितली. त्यांच्या अहवालांत एक खोट मात्र आहे आणि ती समजून घेतली पाहिजे. ते अहवाल देणगीदारांसाठी लिहिलेले होते. ब्राह्मण माणूस ख्रिस्ती झाला की त्याचे नाव, त्याच्या शंका, त्याच्या बायकोचा आकांत, सगळे तपशिलाने लिहिले जाई. १८३१ मध्ये नगरचे ठाणे सुरू झाले तेव्हा ग्रेव्हज, रीड आणि हर्वे या मिशनऱ्यांबरोबर बाबाजी रघुनाथ नावाचे एक ख्रिस्ती झालेले ब्राह्मण होते. दोनच वर्षांत ते पटकीने गेले आणि लगेच इंग्रजीत त्यांचे चरित्र निघाले. हरिपंत खिस्ती आणि रामकृष्णपंत मोडक यांना १८५४ मध्ये पाळकपदाची दीक्षा मिळाली, त्यांचीही माहिती सापडते. पण ज्यांच्या जोरावर नगर, जालना, सोलापूर या भागांतल्या मंडळ्या उभ्या राहिल्या, त्या महार आणि मांग कुटुंबांची अहवालांत बहुधा संख्या असते: या वर्षी इतके घेतले, इतके वारले, इतके परत गेले. माझी पणजी अशाच कुठल्या तरी बेरजेत आहे. ती बेरीज हार्वर्डच्या ग्रंथालयात, केंब्रिज-मॅसॅच्युसेट्सला, सुखरूप आहे. तिचे नाव इथे होते.

बायकांचे तर विचारूच नका. सिंथिया फरार १८२७ च्या अखेरीस मुंबईत आल्या, १८३९ पासून नगरला मुलींच्या शाळा चालवत राहिल्या आणि १८६२ मध्ये तिथेच वारल्या. जोतीराव फुल्यांनी त्यांची शाळा पाहिली आणि मुलींच्या शिक्षणाचा विचार त्यांच्या मनात पक्का झाला, हे महाराष्ट्राच्या इतिहासात नोंदले गेले आहे. त्या शाळांत पहिल्यांदा पाटी हातात घेतलेल्या मुलींची नावे मात्र कुठल्याही इतिहासात नाहीत. लक्ष्मीबाई टिळकांनी स्वतः लिहिले म्हणून एका बाईचे सगळे आयुष्य, रागालोभासकट आणि विनोदासकट, आपल्या हाती आले. तसे लिहिणारी दुसरी कोणी निघाली नाही. गावोगाव पायी फिरणाऱ्या बायबलबाया, अनाथालयातल्या आया, केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये पंडिता रमाबाईंच्या मराठी बायबलच्या छपाईचे खिळे जुळवणाऱ्या मुली यांच्याविषयी जे काही उरले असेल ते वहीतल्या एकेका ओळीत आहे. रमाबाईंनी मूळ हिब्रू आणि ग्रीक भाषांवरून केलेले ते भाषांतर त्यांच्या मृत्यूनंतर १९२४ साली पूर्ण बाहेर आले. त्यावर भाषांतरकाराचे नाव आपण वाचतो. खिळे जुळवणाऱ्यांची नावे कुठे वाचणार?

नाशिकच्या शरणपूरचे उदाहरण तर असे आहे की ऐकणाऱ्याला ते कादंबरीतले वाटावे. अरबी गलबतांवरून इंग्रजांच्या आरमाराने सोडवलेली आफ्रिकी मुले चर्च मिशनरी सोसायटीने शरणपूरला आणली, तिथे त्यांना सुतारकाम, लोहारकाम आणि अक्षरे शिकवली. त्यांच्यातला जेकब वेनराइट पुढे डेव्हिड लिव्हिंग्स्टनच्या अखेरच्या प्रवासात सामील झाला, त्याचा मृतदेह आफ्रिकेच्या किनाऱ्यापर्यंत वाहून आणणाऱ्यांत होता आणि १८७४ च्या एप्रिलमध्ये लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत दफनाच्या वेळी हजर होता. गोदावरीकाठच्या शाळेत शिकलेला मुलगा! आफ्रिकेत त्याच्या सोबत्यांना ‘नासिकची पोरे’ म्हणूनच ओळखत. पण नाशिककरांना हे सांगितले तर ते आपल्याकडे संशयाने पाहतात. त्या मुलांपैकी काहींनी इथेच संसार केले असतील तर त्यांचे वंशज आज कोण, हे फक्त विवाहाच्या वह्या सांगतील.

जे नकलून ठेवले तेच राहते, हा धडा आपल्या भाषेत चारशे वर्षांपूर्वीच मिळालेला आहे. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ मध्ये गोव्यात आला, मराठी शिकला आणि त्याने सुमारे अकरा हजार ओव्यांचे क्रिस्तपुराण रचले. ते १६१६ मध्ये गोव्यातल्या रायतूरला रोमन अक्षरांत छापले गेले, पुढे १६४९ आणि १६५४ मध्ये पुन्हा छापले गेले. या तिन्ही आवृत्त्यांची एकही प्रत आज उपलब्ध नाही. छापलेले सगळे गेले. १६८४ मध्ये पोर्तुगीज सरकारने देशी भाषेवरच बंदी घातली, त्याचाही यात वाटा असेल. मग ग्रंथ आपल्यापर्यंत आला कसा? गोव्यातून मंगळूरकडे गेलेल्या कुटुंबांनी तो हाताने उतरवून घेतला, उपवासकाळात घराघरांत गायला, फाटला की पुन्हा उतरवला. अशा हस्तलिखितांवरून १९०७ मध्ये मंगळूरला त्याची छापील आवृत्ती निघाली. देवनागरीतले एक हस्तलिखित लंडनला विल्यम मार्सडेन या इंग्रज विद्वानाच्या संग्रहात पडून होते. ते विसाव्या शतकात ओळखले ते आपल्याच अमेरिकन मराठी मिशनच्या जस्टिन ॲबट यांनी, ज्यांनी मराठी संतांची चरित्रे इंग्रजीत नेण्यात उत्तरायुष्य घालवले. आज आपण साहित्यसंमेलनाच्या व्यासपीठावर स्टीफन्सने मराठीची केलेली स्तुती अभिमानाने म्हणतो. ती म्हणता येते, कारण मंगळूरकडच्या कोणा आजीने सांजवातीच्या उजेडात बसून ती उतरवली.

आता भीतीविषयी. ती खरी आहे आणि तिला हसण्यात अर्थ नाही. अनुसूचित जातींसंबंधीचा राष्ट्रपतींचा १९५० चा आदेश मूळचा फक्त हिंदूंपुरता होता. १९५६ मध्ये त्यात शीख आले, १९९० मध्ये बौद्ध आले, ख्रिस्ती अजून आलेले नाहीत. महार किंवा मांग कुटुंबातला मुलगा ख्रिस्ती म्हणून नोंदला गेला की त्याची शिष्यवृत्ती आणि आरक्षण जाते, पण गावकुसाबाहेरचे घर आणि आडनावावरून होणारी ओळख काही जात नाही. या अन्यायामुळे कित्येक घरांत शाळेच्या दाखल्यावर एक लिहिलेले असते आणि रविवारी दुसरे आचरलेले असते. अशा स्थितीत मंडळीची वही कोणा उपटसुंभाच्या हाती पडली तर नातवाच्या नोकरीवर गदा येईल, ही आपली धास्ती मला समजते. दुसरी धास्ती जमिनीची आहे. मिशनच्या जागा, बंगले, शाळांची मैदाने यांवरून कोर्टकज्जे चालू आहेत आणि जुने इतिवृत्त कोणत्या बाजूचा पुरावा ठरेल ते सांगता येत नाही. म्हणून पेटी बंद राहिलेली दोन्ही बाजूंना बरी वाटते. बायबलमधल्या नहेम्याच्या सातव्या अध्यायातही हेच आहे. बंदिवासातून परतलेल्या काही घराण्यांनी वंशावळीच्या वहीत आपली नोंद शोधली, ती सापडली नाही आणि त्यांना याजकपणातून वगळले गेले. वही माणसाला जोडते तशी तोडतेही.

म्हणूनच मी सगळ्या वह्या चव्हाट्यावर मांडा असे म्हणत नाही. शंभर वर्षांची मर्यादा घालावी. आज ज्या नोंदीला शंभर वर्षे पूर्ण झाली असतील ती खुली, त्यानंतरची बंद. नंतरची नोंद फक्त त्या व्यक्तीला किंवा तिच्या वारसाला, लेखी अर्जावर दाखवावी. शंभर वर्षे न झालेल्या नोंदींचीही छायाचित्रे घ्यावीत, पण ती धर्मप्रांताच्या कार्यालयात कुलपात ठेवावीत. दरवर्षी एक वर्ष खुले होत जाईल. शंभर वर्षांपूर्वी बाप्तिस्मा घेतलेल्या माणसाच्या ओळीने आजच्या मुलाच्या दाखल्याला धक्का बसेलच कसा, असे कोणी विचारील. बसू शकतो, हे मी मान्य करते, आणि ज्या घराला तशी चिंता असेल त्याने लेखी कळवल्यास ती ओळ झाकून ठेवावी. पण चार घरांच्या काळजीसाठी चारशे घरांचा इतिहास वाळवीला देणे हा उपाय नव्हे. वाळवी काही जात पडताळणी समितीला विचारून खात नाही.

जमिनीच्या बाबतीत मी एवढेच म्हणेन की आपल्या बहुतेक संस्था धर्मादाय आयुक्तांकडे नोंदलेल्या सार्वजनिक न्यास आहेत. त्यांचे दस्तऐवज जपणे ही विश्वस्तांची मेहेरबानी नसून त्यांचे कर्तव्य आहे. विश्वस्त हा शब्द नुसता लेटरहेडसाठी नाही.

काही मंडळ्यांत मला असेही ऐकावे लागले की सरकारकडे नोंदी असतातच, मग या वह्यांची काय गरज? विवाहांच्या बाबतीत हे काही प्रमाणात खरे आहे. १८७२ च्या भारतीय ख्रिस्ती विवाह कायद्याने लग्नाच्या नोंदीची प्रत सरकारकडे पाठवण्याची सोय केली, त्यामुळे तिला दुसरा आधार असू शकतो. खेड्यातल्या देशी माणसाच्या बाप्तिस्म्याची दुसरी प्रत मात्र बहुधा कुठेच नसते. ती वही गेली की ती माणसे दुसऱ्यांदा मेली.

प्रत्यक्ष काम तितके अवघड नाही. त्यासाठी मोठी यंत्रसामग्री लागत नाही की मोठा निधीही लागत नाही. खिडकीजवळ, थेट ऊन येणार नाही अशा जागी टेबल मांडावे, त्यावर पांढरे कापड घालावे आणि वहीचे प्रत्येक पान साध्या मोबाईलने, फ्लॅश न लावता, वरून सरळ टिपावे. पुठ्ठ्यापासून सुरुवात करावी; कोरी पानेही सोडू नयेत, कारण कोऱ्या पानावरच कोणीतरी पेन्सिलीने पटकीच्या साथीचा आकडा लिहून ठेवलेला असतो. फाटलेल्या पानाला चिकटपट्टी लावू नये, वही लॅमिनेट करू नये. या दोन्हींनी मी पाहिलेली जितकी पाने वाया गेली तितकी झुरळांनीही घालवली नसतील. चिकटलेली पाने ओढून सोडवू नयेत, तशीच राहू द्यावीत. छायाचित्रांच्या तीन प्रती कराव्यात: एक मंडळीत, एक धर्मप्रांतात, एक तिसऱ्या गावी. मूळ वही मंदिराबाहेर नेऊ देऊ नये, मग नेणारा कितीही मोठा संशोधक असो. पत्र्याच्या पेटीऐवजी जमिनीपासून वर, भिंतीपासून दूर ठेवलेले लोखंडी कपाट पुरे. जुन्या पानांवर मोडी अक्षर निघाले तर घाबरू नये. पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात मोडीचे वर्ग चालतात आणि आपल्या युवक संघातल्या दोन मुलांना तिथे पाठवता येईल. शिबिराच्या टी-शर्टांच्या खर्चात ते बसेल.

वह्यांबरोबर आणखी दोन गोष्टी पाहाव्यात. जून १८४२ मध्ये नगरला सुरू झालेल्या ‘ज्ञानोदया’चे जुने अंक अनेक पाळकांच्या घरी बांधून ठेवलेले आहेत. मराठीतल्या सर्वांत जुन्या नियतकालिकांपैकी ते एक आहे. १९१२ पासून मृत्यूपर्यंत, म्हणजे १९१९ पर्यंत, टिळक त्याच्या मराठी विभागाचे संपादक होते. त्यात गावोगावच्या मंडळ्यांच्या बातम्या येत, आणि जिथे वही गेली तिथे त्या बातम्याच उरतात. दुसरी गोष्ट गाण्यांची. ‘उपासना संगीत’ हे गीतांचे पुस्तक आपल्या सर्वांच्या हातात असते, कृष्णराव सांगळ्यांची आणि टिळकांची पदे आपण गातो. पण खेड्यातल्या भजनी मंडळांच्या हस्तलिखित वह्या, कीर्तनकारांनी स्वतः बांधलेली आख्याने, जात्यावर येशूचे नाव गुंफून म्हटलेल्या ओव्या या छापील पुस्तकात कधीच आल्या नाहीत. माझ्या पणजीच्या दोन ओव्या मला आईकडून आल्या आहेत. तिसरी तिला अर्धीच आठवत होती.

कॅथलिक बंधूंकडून आपण काही शिकावे असेही मला वाटते. वसईच्या लोकांनी आपली बोली, आपली गाणी, आपले पोशाख यांच्याविषयी जी आस्था दाखवली, तिच्या मुळाशी ‘सुवार्ता’ मासिकाभोवती जमलेल्या माणसांचे कष्ट आहेत. फादर फ्रान्सिस दिब्रिटोंना २०२० च्या धाराशिवच्या साहित्यसंमेलनाचे अध्यक्षपद मिळाले ते काही एका दिवसात नव्हे. आपण प्रॉटेस्टंट मराठी माणसे टिळकांच्या पुण्याईवर शंभर वर्षे बसून आहोत. हे कोणाला झोंबले तर झोंबो.

१९७० च्या नोव्हेंबरात नागपूरला उत्तर भारतीय चर्चची स्थापना झाली आणि वेगवेगळ्या मिशनांच्या मंडळ्या एका छत्राखाली आल्या. त्या वेळी इमारती कोणाच्या, पगार कोण देणार, दवाखाने कोण चालवणार, यांचे ठराव झाले. वह्यांचाही ठराव आता व्हावा. आपल्या पुढच्या वार्षिक सभेच्या विषयपत्रिकेवर हा एक विषय घ्यावा: मंडळीत कोणकोणत्या वह्या आहेत, कोणत्या सालापासूनच्या आहेत आणि कोणाच्या ताब्यात आहेत, याची एक पानाची यादी करून ती सभेत वाचून दाखवणे. छायाचित्रे, मर्यादा, कपाट हे पुढचे. यादी झाली तरी या वर्षापुरते पुष्कळ झाले.

मी तीस वर्षे शाळेत मराठी शिकवले आणि आता निवृत्त आहे. नगर आणि नाशिक या दोन जिल्ह्यांतल्या ज्या मंडळीला हे काम करायचे असेल तिथे मी स्वखर्चाने येईन. दिवसभरात दोनशे पाने टिपून होतात असा माझा अनुभव आहे. मंगळवार ते शनिवार मी मोकळी असते, रविवारी उपासनेनंतर यायलाही हरकत नाही. पांढरे कापड, फोन आणि जेवणाचा डबा माझा मी आणीन. पेटीची किल्ली कोणाकडे आहे, तेवढे मी येण्याआधी शोधून ठेवावे.

आपली ख्रिस्तातील भगिनी,
एक निवृत्त शिक्षिका